जळगावला जायचं तर आधी धुळ्याकडे

भाजीबाजारात वांग्यांच्या पाटीकडून कांद्याच्या ढिगाकडे वळायचं असलं, तर मुरलीधर नाना आधी मान वळवून मागे पाहत, मग उजवा हात खांद्याच्या रेषेत लांब करत, आणि मागून कोणी येत नाही अशी खात्री झाली की मगच पाय उचलत. पिशवी असेल तर ती डाव्या हातात घेत. त्यांच्या त्या लांब हाताला कोणाची टोपी लागे, कोणाची टोपली. "नाना, गाडी कुठंय?" असं भाजीवाले हसून विचारत. "गाडी घरी आहे, सवय सोबत आहे," हे त्यांचं ठरलेलं उत्तर.

मी त्या हातावरच आदळले. माझ्या हातात पत्रकांचा गठ्ठा होता आणि मी नेहमीप्रमाणे घाईत होते. पत्रकं चिखलात पडली. म्हातारा माणूस आता माफी मागेल असं मला वाटलं. त्याने विचारलं, "मी इशारा दिला होता ना?"

"दिला होता," मी म्हटलं.

"मग?"

या 'मग'ने मी चिडले. तोवर नाना उकिडवे बसून पत्रकं गोळा करायला लागले होते. एक त्यांनी तिथेच वाचलं. पालिकेच्या पाणीपुरवठ्यावर मी लिहिलं होतं, आणि बरंच तिखट लिहिलं होतं. "जोरात लिहितेस पोरी," ते म्हणाले. "गाडी चालवता येते का?" नाही म्हटल्यावर म्हणाले, "मग ये शिकायला. जोरात जाणाऱ्या माणसाला ब्रेक माहीत पाहिजे."

आमच्या घरात पुस्तकांपेक्षा पत्रकं जास्त. वडील छापखान्यात होते आणि ज्याचा मोर्चा निघेल त्याचं पत्रक घरी आणत. मी वाचायला शिकले ती 'जाहीर निषेध' या दोन शब्दांवर. त्यामुळे जगात जे काही चुकतं ते कोणीतरी वरचा माणूस चुकवतो, आणि एका कागदावर नीट ठणकावून सांगितलं की ते सुधारतं, असा माझा पक्का समज होता. नानांनी त्या समजाला धक्का दिला. वाद घालून नव्हे, गाडीत बसवून.

नानांनी तीस वर्षं केळीच्या गाड्या चालवल्या. फैजपूरहून केळी भरायची आणि दिल्लीला उतरवायची. केळी वाट पाहत नाही, म्हणून ती गाडी चालवणाराही कोणाची वाट पाहत नाही, अशी त्या धंद्याची ख्याती. नानाही तसेच होते, ते स्वतःच सांगत. "पहिली बारा वर्षं त्या पांढऱ्या रेघा मला रस्त्याची नक्षी वाटायच्या. सरकारने हौसेने काढल्या असतील म्हटलं." मग एकदा दिल्लीच्या अलीकडे एका ढाब्यावर एक वयस्कर ड्रायव्हर त्यांच्याजवळ आला. तो वीस मैल त्यांच्यामागे अडकला होता, कारण नाना भरली गाडी उजव्या लेनमधून हाकत होते. तो भांडला नाही. खाटेवर बसून त्याने एवढंच विचारलं, "रास्ता ख़रीदा है क्या?" नाना म्हणत, "शिवी दिली असती तर मी दोन दिल्या असत्या. त्याने विचारलं, म्हणून अडचण झाली." त्या दुपारी त्यांनी त्याच माणसाकडून रेघांचा अर्थ समजून घेतला. त्यानंतरच्या अठरा वर्षांत त्यांच्या गाडीला ओरखडा गेला नाही.

जळगावात एका बंद तेलमिलच्या आवारात त्यांचा क्लास भरे. पहिले आठ दिवस ते कोणालाही गाडीत बसू देत नसत. जमिनीवर चुन्याच्या फक्कीने तीन लेन आखत आणि आम्हाला चालायला लावत. हातात स्टीलचं ताट, तेच स्टिअरिंग. आम्ही पाच जण होतो. त्यात एका कापड दुकानदाराची सून होती, ती डोक्यावरचा पदर सावरत एका हाताने ताट धरायची. "दोन्ही हात," नाना सांगत. "पदराला काही होत नाही, मागच्याला होतं." लेन बदलायची तर मोठ्याने म्हणत जायचं: आरसा, इशारा, मान, मग पाय. आधी आरशात पाहा, मग इशारा द्या, मग मान वळवून खात्री करा, आणि मगच सरका. एक जरी शब्द गाळला तर नाना पुन्हा मिलच्या फाटकापर्यंत परत पाठवत. आवाराच्या भिंतीवर लोक बसून ही गंमत पाहत. मला भयंकर लाज वाटे.

त्यांची शिकवण सगळी घरातल्या आणि गावातल्या गोष्टींची होती. "तुटक रेघ म्हणजे उघडं दार. दार उघडं दिसलं म्हणून कोणाच्या घरात धावत शिरतं का माणूस? विचारून जायचं. सलग रेघ म्हणजे भिंत. भिंतीला विचारायचं नसतं." उजव्या लेनबद्दल ते म्हणत, "ती गावची विहीर आहे. पाणी भर, घागर उचल, बाजूला हो. काठावर बसून गप्पा मारशील तर मागच्या बायका काय म्हणतील?" आणि रेघा पुसट झाल्याची मी तक्रार केली तेव्हा म्हणाले, "बांधावरचं गवत जळलं तर शेजारी हद्द विसरतो का?"

शेवटी गाडीत बसायची वेळ आली. अजिंठा चौफुलीच्या सिग्नलला मला सरळ जायचं होतं, म्हणून मी मधल्या लेनमध्ये उभी होते. हिरवा दिवा लागला आणि अगदी डावीकडून एक रिक्षा माझ्या नाकासमोरून आडवी उजवीकडे निघाली. मी कचकन ब्रेक मारला, गाडी बंद पडली, मागून भोंगे सुरू झाले. रिक्षावाला मान बाहेर काढून म्हणाला, "ताई, गाडी शिकताय का रांगोळी काढताय?"

नानांनी काच खाली केली. "भाऊ, तुला उजवीकडे जायचं होतं, तर डावीकडे कशाला उभा होतास?"

"तिकडं जागा होती ना," तो म्हणाला, आणि गेला.

नानांनी काच वर केली. "ऐकलंस? जागा होती. आपल्या माणसाला लेन दिसत नाही पोरी, जागा दिसते."

तेव्हापासून मला जिकडेतिकडे हेच दिसायला लागलं आणि माझं डोकं जास्तच तापायला लागलं. दवाखान्याच्या रांगेत, रेशनच्या दुकानात, लग्नाच्या पंगतीत. रस्त्यावर तर पदोपदी. धुळ्याकडे जाणारा महामार्ग आता चौपदरी झाला आहे. जुना रस्ता एकपदरी होता, त्याच्या साइडपट्ट्या तुटलेल्या होत्या, आणि ज्याने डांबर सोडलं तो हरला असा हिशेब होता. रस्ता बदलला, हिशेब तोच राहिला. कापसाची ट्रॉली ओढणारा ट्रॅक्टर आजही दुभाजकाला चिकटून, उजव्या लेनमधून, बैलाच्या चालीने जातो. डावी लेन रिकामी असते. एकदा पारोळ्याच्या पुढे मी अशाच एका ट्रॅक्टरमागे अडकले. भोंगा दिला, दिवे दिले. तो गाणी ऐकत होता. मी डावीकडून पुढे काढायला निघाले, तर नानांनी स्टिअरिंगवर बोट ठेवलं.

"मग काय करायचं?" मी विचारलं.

"थांबायचं."

"किती वेळ?"

"त्याला लाज वाटेपर्यंत."

"आणि नाहीच वाटली तर?"

नानांनी स्टिअरिंगवरचं बोट काढून घेतलं. मग म्हणाले, "मग आपली तरी राहील."

हे उत्तर मला तेव्हाही पटलं नव्हतं. आजही पूर्ण पटत नाही. पण त्या दिवशी मी अकरा किलोमीटर त्या ट्रॅक्टरमागून गेले.

आम्ही चाललो होतो नानांच्या गावी. गावाचं नाव लिहीत नाही. धुळ्याच्या अलीकडे महामार्गाला लागून अशी गावं ओळीने आहेत आणि ही गोष्ट त्या सगळ्यांची आहे. जळगावहून धुळ्याकडे जाताना ते डाव्या हाताला लागतं. गावात नानांची धाकटी बहीण राहते, सुनंदा अक्का. अक्काच्या दोन म्हशी आहेत. दूध संकलन केंद्र गावापासून जळगावच्या दिशेला अर्ध्या किलोमीटरवर, रस्त्याच्या गावाच्याच बाजूला आहे. पूर्वी गावातून उजवीकडे वळलं की पाच मिनिटांत माणूस तिथं पोचे. आता मध्ये दुभाजक आला आणि गावाच्या बाजूचा रस्ता फक्त धुळ्याकडे जाणाऱ्यांचा झाला. सर्व्हिस रोड कागदावर होता. गावासमोर येईपर्यंत तो संपला. आता नियमाने केंद्रावर जायचं तर आधी धुळ्याकडे दोन किलोमीटर जाऊन पुलाखालून वळायचं, पलीकडच्या बाजूने गावावरून पुढे जायचं, पुन्हा वळून मागे यायचं. अर्ध्या किलोमीटरसाठी पाच किलोमीटर.

अर्थात कोणी जात नव्हतं. सगळं गाव त्याच रस्त्याने उलट जायचं. शेताच्या कडेकडेने, समोरून येणाऱ्या ट्रककडे न पाहता. नानांना यात आपल्या बहिणीचं मरण दिसत होतं. ते दर रविवारी गावी जात आणि वेशीवरच्या पारावर बसून सांगत. पारावरची मंडळी ऐकून घेत. "नाना, तुना रस्ता दिल्लीमा," एकजण म्हणाला. "आठे गाव शे. बठ्ठं गाव तठूनच जास. बठ्ठं गाव येडं शे का?" सगळं गाव तिथूनच जातं, मग सगळं गाव वेडं का, असा त्याचा सवाल.

"बठ्ठं गाव येडं नही," नाना म्हणाले. "बठ्ठं गाव घाईमा शे."

शेवटी त्यांनी गावाचा नाद सोडला आणि बहिणीला धरलं. पंचेचाळिसाव्या वर्षी अक्काला स्कूटर शिकवली, हेल्मेट घालायला लावलं, आणि पाच किलोमीटरचा फेरा तिच्याकडून रोज करून घेतला. अक्का भावाचं ऐकणारी. दोन किटल्या अडकवून ती डावीकडे, धुळ्याच्या दिशेला वळली की पारावरून हाक येई, "का वं अक्का, दिल्लीले चालनी का?" अक्का हेल्मेटमधून म्हणे, "हां, तुले काय लई येऊ?" आणि काय आणायचं ते ऐकायला न थांबता निघून जाई. दोन महिने एकटी ती त्या फेऱ्याने गेली. गावात एक माणूस नियमाने चालतो आणि बाकीचे त्याच्यावर हसतात, हे पाहून माझा संताप होई. मी नानांना म्हटलं, आपण पत्रक काढू.

नानांनी पत्रकासाठी एक चित्र काढून दिलं. दोन्ही बाजूंचा रस्ता, मधला दुभाजक, गाव, केंद्र, आणि बाणाबाणाने जाणारी फेऱ्याची वाट. खाली त्यांच्या मोठ्या अक्षरात एक ओळ होती: 'उलट जाणाऱ्याला डावी बाजू नसते.' मला ती ओळ नीट कळली नाही. चित्र तर अर्धं पान खात होतं. मला सर्व्हिस रोड कोणी गिळला हे विचारायचं होतं, आणि ते पाच मुद्द्यांत विचारायचं होतं. मी चित्र काढून टाकलं, ओळ काढून टाकली आणि वर ठळक मथळा दिला: 'कुठेही जा, डावी बाजू सोडू नका.' मथळा चांगला होता. लगेच तोंडात बसत होता.

छापलेलं पत्रक नानांनी उलटसुलट करून पाहिलं. "माझं चित्र कुठंय?"

"जागा नव्हती, नाना."

"जागा होती," ते म्हणाले. "तू ती दुसऱ्याला दिलीस."

मला राग आला. माझे पाच मुद्दे काही चुकीचे नव्हते. मी गावात घरोघरी पत्रकं वाटली. अक्काने तिचं पत्रक देवाच्या फळीखाली खिळ्याला टोचून ठेवलं.

त्यानंतर तीनेक आठवड्यांनी एका सकाळी म्हशीने पान्हा सोडायला वेळ लावला. केंद्र बंद व्हायला दहा मिनिटं उरली. अक्का वेशीशी आली आणि पहिल्यांदा उजवीकडे वळली. गावातले बाकीचे उलट जायचे ते शेताच्या कडेने; नियम मोडायचाच तर जिवाला जपून मोडायचा, एवढं त्यांना अंगवळणी पडलेलं होतं. अक्काला ते माहीतच नव्हतं. तिला डावी बाजू माहीत होती. आणि त्या रस्त्याने उलट येणाऱ्या माणसाची डावी बाजू म्हणजे दुभाजकाची कड. म्हणजे समोरून येणाऱ्यांची उजवी लेन, पुढे काढणाऱ्यांची, सगळ्यात वेगाची. अक्का हेल्मेट घालून, हळू, दुभाजकाला धरून, अगदी नियमाने चालली होती. एक मोटार ट्रकला मागे टाकायला त्या लेनमध्ये आली.

मोटारवाल्याने ब्रेक मारला म्हणून ती वाचली. कंबर आणि डावा पाय मोडला. धुळ्याच्या दवाखान्यात आम्ही पोचलो तेव्हा ती शुद्धीवर होती. नानांना पाहून म्हणाली, "मी ते डावीकडथीनच जाई राह्यनती, नाना. पत्रकमा लिखेल व्हतं."

मी भिंतीला टेकून उभी होते. नानांनी माझ्याकडे पाहिलं नाही. तिच्या पायाच्या प्लास्टरवर हात ठेवून ते म्हणाले, "तुनं काहीच चुकनं नही वं. चुकनं ते शिकाडनारनं."

बाहेर आल्यावर मी म्हटलं, "नाना, चूक माझी आहे. तुम्ही स्वतःवर का घेता?"

"चूक म्हणजे काय प्रसाद आहे का, वाटून खायला?" ते म्हणाले. इतक्या वर्षांत ते माझ्याशी एवढं कडू बोललेले मला आठवत नाही. "मी 'डावी, डावी' एवढंच घोकून घेतलं तिच्याकडून. आधी दिशा, मग बाजू, हे तिला उभं करून दाखवलं नाही. तू तर नुसतं लिहिलंस."

मोटार चालवणारा दोंडाईच्याचा एक तरुण होता. जळगावहून घरी चालला होता. गावाने त्याची किल्ली काढून घेतली होती, दोन-चार फटकेही दिले होते. अक्काचा मुलगा प्रवीण याने पोलिसांना सांगितलं की आई स्कूटर ढकलत पायी रस्ता ओलांडत होती आणि मोटारीने उडवलं. गावातले चौघे साक्षीला तयार. उरला होता फक्त अक्काचा जबाब. तिसऱ्या दिवशी हवालदार दवाखान्यात आला तेव्हा प्रवीणने आईला काय सांगायचं ते पढवून ठेवलं होतं. नाना खाटेच्या पायथ्याशी बसले होते. तो तरुण बाहेरच्या बाकावर बसला होता, डोक्याला पट्टी, शेजारी कोणी नाही.

हवालदाराने वही उघडली. अक्का प्रवीणकडे पाही, नानांकडे पाही.

"अक्का," नाना म्हणाले, "जे झालं ते सांग."

"मामा, तुम्ही आमचे का त्याचे?" प्रवीणने विचारलं.

"आज त्याचा," नाना म्हणाले. "तुझ्या आईला तू आहेस, गाव आहे. तो त्याच्या लेनमध्ये होता, आणि त्याचं इथं कोणी नाही."

अक्काने सांगितलं. केंद्र बंद होत होतं, मी उलटी येत होते, तो सरळ येत होता. हवालदाराने दोनदा विचारलं, तिने दोनदा तेच सांगितलं. तो तरुण सुटला. जाताना नानांच्या पाया पडायला आला, तर नाना म्हणाले, "पाया काय पडतोस. पुढे काढायला निघालास तेव्हा समोर पूर्ण दिसत होतं का, ते घरी जाऊन आठव." प्रवीणने त्या दिवसापासून मामाशी बोलणं टाकलं. गावात नानांना घरभेदी म्हणायला लागले. पारावर त्यांच्यासाठी सरकून जागा करणं बंद झालं.

मी नानांना म्हटलं, या लोकांसाठी कशाला मरता? आणि त्यांचं एक म्हणणं तर खरंच आहे, आधी सर्व्हिस रोड द्या, मग नियम शिकवा. नाना म्हणाले, "दोन्ही माग की. सरकारकडे रस्ता माग, आणि रस्ता येईपर्यंत स्वतःकडे पाच किलोमीटर माग. तू पहिलंच लिहितेस. दुसरं लिहायला लागलीस की टाळ्या बंद होतील, तेव्हा समज की बरोबर चाललंय."

क्लास त्यांनी सुरू ठेवला, पण पहिला धडा बदलला. आता फक्कीच्या रेघांवर ते दोन जणांना समोरासमोर उभं करत. एकाला सांगत, तू सरळ जा, पुढच्याला उजवीकडून मागे टाक. दुसऱ्याला सांगत, तू उलट ये, आणि तुझी डावी बाजू सोडू नको. दोघं ताटं धरून चालत आणि ताटावर ताट आदळून मोठा खणखणाट होई. भिंतीवरची मंडळी हसत. नाना हसत नसत. "लेन म्हणजे तुझी जागा नाही," ते सांगत. "जो तुला दिसत नाही, त्याला दिलेला शब्द आहे. तो तुझ्यावर भरवसा ठेवून वळणावरून येतोय. त्याने तुझं तोंड पाहिलेलं नाही. तरी येतोय."

मी पत्रक पुन्हा छापलं. चित्रासकट, त्या ओळीसकट. मथळा दिला नाही. लोकांनी त्यात भजी बांधून नेली. पहिल्या पत्रकातही भजीच बांधली होती, पण तेव्हा मला ते दिसलं नव्हतं.

गेल्या वर्षी उन्हाळ्याच्या तोंडाशी नाना गेले. सकाळी मिलच्या आवारात फक्की टाकून झाली होती, दोन रेघा पूर्ण आणि तिसरी अर्धी, आणि ते भिंतीला टेकून बसले ते उठले नाहीत. त्यांची इच्छा होती म्हणून शववाहिकेतून गावी नेलं. मी मागून माझ्या गाडीत होते. घरी विधी झाले. स्मशान नाल्याकाठी आहे, दूध केंद्राच्या पलीकडे. ऊन चढलं होतं, खांदा देणारे बहुतेक म्हातारे होते, तेव्हा गाडीतूनच न्यायचं ठरलं. शववाहिका वेशीशी आली. पुढे बसलेल्याने ड्रायव्हरला सांगितलं, "उजवीकडे घ्या. अर्धा किलोमीटर तर आहे."

अक्का वॉकर धरून तिथवर आली होती. कोणी तिला थांबवलं नव्हतं. ती गाडीच्या पुढे उभी राहिली.

"नानाले उलटा लई जाऊ नका," ती म्हणाली.

कोणीतरी म्हणालं, "अक्का, मेल्या माणसाला काय सुलटं आणि काय उलटं. ऊन पाहा किती आहे."

"जिंदगीभर तो उलटा गया नही," अक्का म्हणाली. "फिरीसन लई जा."

प्रवीण गर्दीत मागे उभा होता. तो पुढे आला, पुढच्या सीटवरच्या माणसाला उतरायला लावून स्वतः बसला, आणि ड्रायव्हरला म्हणाला, "डावीकडे घ्या. मी रस्ता दाखवतो."

मग सगळं गाव निघालं. शववाहिका, तिच्यामागे तीन ट्रॅक्टर, मोटारसायकली, माझी गाडी. डाव्या लेनमधून, एकामागे एक, धुळ्याकडे. पुलाखालून वळलो, पलीकडून गावासमोरून गेलो, पुन्हा वळलो. मागून येणारे ट्रक उजव्या लेनमधून शांतपणे पुढे निघून जात होते. रडणं मला त्या फेऱ्यात आलं. पाच किलोमीटर जायला काहीच लागत नाही, हे त्या गावाने तेव्हाच पाहिलं.

रात्री मी अक्काकडे राहिले. सकाळी निघताना वेशीशी गाडी थांबवली. समोरून दुधाच्या किटल्या चालल्या होत्या, एकेका मोटारसायकलला दोन दोन, शेताच्या कडेने, उलट. काल अंत्ययात्रेत सगळ्यांत पुढे असलेला एकजण माझ्या खिडकीशी थांबला. मी त्याला म्हटलं, "भाऊ, काल तर फिरून गेलात."

"कालनी गोष्ट येगळी व्हती, ताई," तो अगदी मनापासून म्हणाला. "काल नाना व्हता." मग माझा इंडिकेटर पाहून त्याने विचारलं, "आते कोठे चालन्यात?"

"जळगावला."

"मंग इकडथीन चाला ना. जळगाव ते इकडे शे." त्याने उजवीकडे हात केला. रस्ता मोकळा होता. खरोखरच जागा होती.

मी आरशात पाहिलं. डावीकडचा इशारा चालूच होता. मान वळवून मागून येणारा ट्रक जाऊ दिला. मग पाय उचलला, आणि धुळ्याकडे निघाले.